हात वर केला की

“पण वस्ताद, घोडी पडल्याशिवाय लढाई खरी वाटणार कशी?”

दस्तगीर वस्ताद आपल्या घोडीला, हिनाला, खरारा करत होते. तिच्या पाठीवरून खरारा फिरत राहिला.

उदाजी इंगवले पागेच्या दारात उभा होता. बाहेर रस्त्यावर घोडी न्यायची गाडी आणि आत झोपलेला ड्रायव्हर. उदाजीच्या खांद्याला कापडी पिशवी होती आणि तो सारखा घड्याळाकडे बघत होता.

याच पागेत तो लहानाचा मोठा झाला होता. रिकिबीत पाय कसा ठेवायचा इथपासून धावत्या घोडीवरून भाला कसा फेकायचा इथपर्यंत सगळे वस्तादांनी शिकवलेले. आता तो सिनेमातल्या घोड्यांवरच्या लढाया बसवत असे. आजवर दुसऱ्याच्या हाताखाली बसवल्या. या सिनेमात पहिल्यांदा पडद्यावर त्याचे एकट्याचे नाव येणार होते.

त्यासाठी त्याला हिना हवी होती. समोरून दुसरा घोडा भरधाव येत असताना कान न पाडता सरळ रेषेत जाणारी घोडी त्याच्या माहितीत एवढीच होती. “आणतो,” असा शब्द तो दिग्दर्शकाला देऊन बसला होता.

“लढाई कसली हाय?” वस्तादांनी अखेर विचारले.

उदाजीला हुरूप आला. “दोन सरदार. समोरासमोर. मध्ये मोकळं रान. दोघांच्या काखेत लांब भाले, दोघे एकमेकांवर सुटतात... धडक! आपला भाला त्याच्या ढालीवर फुटतो, त्याची घोडी कोसळते, तो मातीत.”

“काखेत भाला?”

“हो.”

“चटई गुंडाळून बाजारला निघाल्यागत?”

“वस्ताद, परदेशी सिनेमात असंच असतं. डायरेक्टरसाहेबांनी मला दाखवलं सगळं. डोक्यापासून पायापर्यंत लोखंड घातलेले सरदार, घोड्यालाही झूल. तसलं काहीतरी त्यांना आपल्या मातीत करायचंय.”

“आपला भालेकरी असा नाकासमोर जाऊन धडकतो व्हय रं? मी काय शिकवलं तुला?”

“वळायचं, हूल द्यायची...”

“का?”

उदाजीने पुन्हा घड्याळ बघितले. उत्तर त्याला तोंडपाठ होते. घोडी वाचवायची, म्हणून. या पागेत पहिल्या महिन्यात तेच शिकवत.

“पडद्यावर वळणं कळत नाहीत, वस्ताद. धडक कळते.”

खरारा थांबला.

“त्या लोखंडवाल्यांच्या मधी काय असतं?”

“मध्ये?”

“दोन घोड्यांच्या मधी. माझ्या वस्तादांनी चित्र दाखवलं होतं. मला आठवतंय.”

“कठडा असतो,” उदाजी नाइलाजाने म्हणाला. “लाकडी, बऱ्यापैकी उंच. एक घोडा इकडून जातो, एक तिकडून.”

“कशाला?”

“घोडे एकमेकांवर आदळू नयेत म्हणून.”

“म्हंजे एकमेकांची हाडं मोडायला निघालेली माणसं. त्यांनीबी आधी घोड्यांसाठी कठडा घातला.” वस्तादांनी खराऱ्यात अडकलेले केस काढून टाकले. “तुमच्यात हाय का कठडा?”

“साहेबांनी काढायला सांगितला. कॅमेऱ्याला आडवा येतो.”

...

हिनाने शेपटीने माशी हाकलली. वस्तादांच्या कानशिलावरची शीर फुगलेली उदाजीला दिसली. ती कशाची खूण आहे ते तो लहानपणापासून ओळखत होता. एरवी अशा वेळी पोरे पागेतून पांगत.

“तुझा मागला पिच्चर बघितला मी,” वस्ताद म्हणाले.

“तुम्ही? कधी? सांगितलं का नाहीत?” इतके सगळे होऊनही उदाजीला बरे वाटले. “लढाई कशी वाटली?”

“इंटरवलच्या आधी पांढरा घोडा पाडलास.”

“हां! तो शॉट फार गाजला.”

“शेवटी मिरवणुकीत तोच घोडा होता. वर तुझा हिरो, गळ्यात हार, गुलाल उधळतोय. घोडा पुढचा डावा पाय टेकत नव्हता.”

उदाजीचा हात पिशवीच्या बंदावर घट्ट झाला.

“ते कुणाच्याही लक्षात आलेलं नाही, वस्ताद.”

“थेटरात शिट्ट्या चालल्या होत्या. उठून आलो मी.”

“एक घोडा जरा लंगडला...”

“आणि त्यो खिंकाळतो का रं उठसूट? पाणी पितोय तरी खिंकाळतो, उभा हाय तरी खिंकाळतो. आणि पाडला तवा आवाज न्हाई. तवा नुसता बाजा.”

“तो आवाज नंतर भरतात,” उदाजी म्हणाला आणि आपण हे का सांगितले असे त्याला झाले.

मग तोही भडकला. मनात पुष्कळ दिवस साठलेले बाहेर पडले.

“तुम्हाला काय होतंय बोलायला! पागेत बसून राजे तुम्ही. भाला शिकवलात, रपेट शिकवलीत, पण ते घेऊन बाहेर जाऊन करायचं काय, ते कधी शिकवलंत? तुमच्याकडे शिकलेला सदाशिव वरातीत घोडी नाचवतो. बँडच्या तालावर! तुमचा मुनीर टांगाही विकून बसला. मी निदान लोकांना भाला दाखवतो. आज पोरं भाल्याचं नाव घेतात ते माझ्या सिनेमामुळे. तुमच्यामुळे नाही!”

वस्तादांनी हिनाची आयाळ बोटांनी सरळ केली.

“खोटं आहे का?” उदाजीने विचारले.

“न्हाई. खरं हाय.”

हे उत्तर त्याला अपेक्षित नव्हते. राग एकदम कुठे ठेवावा ते कळेना.

“मग द्या हिना. तिला काही होणार नाही. जमीन खोल उकरून घेतलीय, खाली भुसा, वर चाळलेली माती. गादीवर पडल्यासारखं. अहो, मी काय परका आहे? माझ्याही हातून चारा खाल्लाय तिनं.”

“घोडी पाडायला तार बांधता न्हवं? दाखव ती.”

उदाजीने पिशवी उघडली. चामड्याचे दोन पट्टे, त्यांना जोडलेली बारीक पोलादी तार, तारेच्या टोकाला लाकडी मूठ.

“बांध.”

“आता?”

“बांध म्हणतोय न्हवं.”

वस्तादांनी हिनावर खोगीर चढवले, लगाम घातला. उदाजीने खाली बसून हिनाच्या पुढच्या दोन्ही पायांना, खुरांच्या वर, पट्टे बांधले. ती शांत उभी राहिली. उलट पट्टा नीट बसावा म्हणून तिने स्वतःहून एक पाय उचलून दिला. खरारा करताना पाय तसाच उचलून द्यायची तिची सवय होती. पोटाखालच्या कडीतून त्याने तार वर घेतली आणि मूठ खोगिराशी आणून ठेवली.

“ही मूठ स्वाराच्या हातात. त्यानं ओढली की पुढचे पाय पोटाकडे खेचले जातात आणि घोडी तोंडावर जाते.”

“कधी ओढायची?”

“मी हात वर केला की.”

“तू कुठं असतोस?”

“कॅमेऱ्याच्या मागं.”

“आणि तिला काय होत न्हाई.”

“काही होत नाही. सांगितलं ना.”

वस्तादांनी रिकिबीत पाय घातला. सत्तरी ओलांडलेला माणूस, पण खोगिरावर बसला तेव्हा कातड्याचा आवाजसुद्धा आला नाही. मूठ त्यांनी उजव्या हातात घेतली. तार किती ढिली आहे ते बोटाने बघितले.

“जा. पट्टीवर झोप.”

उदाजीला आधी कळले नाही. मग कळले.

पागेमागे उकरलेल्या मातीची लांब पट्टी होती. इथे शिकायला येणारा प्रत्येक जण पहिल्या दिवशी त्या पट्टीवर आडवा होई आणि पागेतली घोडी त्याच्यावरून भरधाव जाई. घोडी माणसावर पाय देत नाही, हे त्याने अंगाने शिकायचे. त्यानंतरच लगाम हातात मिळे. उदाजीने त्या दिवशी डोळे मिटले होते, म्हणून वस्तादांनी त्याला दुसऱ्यांदा झोपवले होते, डोळे उघडे ठेवून.

“वेड लागलंय तुम्हाला,” तो म्हणाला.

“कॅमेऱ्याच्या मागं उभा राहून दिसत न्हाई नीट. तितनं बघ. तुला वाटंल तवा हात वर कर. मी ओढतो.”

“वस्ताद, ही थट्टा...”

“थट्टा करतोय व्हय मी?” पागेच्या पत्र्यावरची कबुतरे उडाली. “माती मी उकरलीय. भुसभुशीत हाय. तिला काय होत न्हाई, तुझाच शब्द हाय. तू हात वर कर, मी ओढतो. घोडी पडली की तुझा शॉट खरा. घेऊन जा तिला. आज, आत्ता. एक शब्द बोलणार न्हाई मी.”

उदाजीचा अपमान झाला होता आणि त्या भरातच तो गेला. पट्टीच्या मध्यावर जाऊन पाठीवर झोपला. माती गार होती. वर आभाळ, कडेला कडुनिंबाची एक फांदी. म्हाताऱ्याला दाखवतोच, असे त्याच्या मनात होते. हात वर करतो. बघू ओढतो का. ओढणार नाही. पोटच्या पोरीसारखी घोडी आहे, कसला ओढतोय.

टापा आधी पाठीला जाणवल्या, मग कानाला.

त्याने मान वळवली. हिना सरळ रेषेत येत होती. कान पुढे, मान लांब. वस्तादांचा उजवा हात खोगिराशी, मूठ आवळलेली. म्हाताऱ्याच्या चेहऱ्यावर दयामाया काही नव्हती.

ओढेल, उदाजीच्या मनात आले. हा माणूस ओढेल.

माती त्याच्या तोंडावर उडाली. वर तिचे पोट आले, पोटाखालची कडी, चमकणारी तार... आणि पुन्हा आभाळ.

टापा पलीकडे गेल्या, मंदावल्या, वळल्या.

उदाजी उठून बसला. त्याचा उजवा हात पाठीखाली होता. तो तिथे कधी दाबून घेतला, ते त्याचे त्यालाच ठाऊक नव्हते. बोटे बधिर झाली होती.

वस्ताद घोडी चालवत त्याच्याजवळ आले.

“हात का वर केला न्हाईस?”

उदाजी थुंकून तोंडातली माती काढत राहिला.

“भुसभुशीत हाय की माती.”

उदाजीने तोंडावरून बाही फिरवली.

“काय होत न्हाई म्हणालास.”

“माझ्या अंगावर आली असती ती!” उदाजी ओरडला. आवाज चिरकला.

 वस्ताद खाली उतरले, हिनाच्या पायांशी बसले आणि पट्टे सोडायला लागले. एका पट्ट्याची गाठ निघता निघेना. उदाजी पुढे सरकला, तसा त्यांनी त्याचा हात झटकला. पट्टे सुटल्यावर तिच्या दोन्ही पायांवरून वरपासून खालपर्यंत हात फिरवून बघितला आणि सगळी तार मुठीसकट उदाजीच्या मांडीवर फेकली.

उदाजीच्या खिशात फोन वाजला. नाव बघून तो उभा राहिला. घेतला नाही. फोन थांबला आणि लगेच पुन्हा वाजू लागला.

“साहेब आहेत. घोडी निघाली का विचारतील.” त्याचा स्वर आता लहान मुलासारखा झाला होता. “काय सांगू, वस्ताद?”

वस्तादांनी लगाम हातात घेतला. हिना त्यांच्यामागे पागेकडे चालू लागली.

“सांग, तयार हाय.”

दारापाशी ते थांबले. मागे वळून त्यांनी पट्टीवर उदाजीच्या पाठीचा उमटलेला खळगा दाखवला.

“फकस्त हात त्यांनी वर करायचा. तितं झोपून.”