मिठाची वाटी

“…आणि चुकलं तर, अव्वा?”

महांतेशनं हे विचारलं तेव्हा गिरजाअव्वा पावटे सोलत बसल्या होत्या. त्यांनी एक शेंग मोडली, दाणे सुपात टाकले.

“चुकलं तर काय?”

“तर सगळं आयुष्यच चुकलं की! रोज उठून तेच काम करायचं, वर्षानुवर्षं. आणि मग एक दिवस कळायचं की हे आपलं नव्हतंच.”

“बरं.”

“बरं काय, अव्वा?”

“बरं म्हंजे ऐकलं.”

गडहिंग्लजकडं एका टेकाडावर हा लहानसा मठ आहे आणि गिरजाअव्वा तिथल्या थोरल्या. कुणाचं लग्न जमेना, कुणाचं भावाशी पटेना, की माणसं टेकाड चढून अव्वांकडं यायची. अव्वा फार बोलायच्या नाहीत. लोकांना तेच बरं वाटायचं. बोलणारे घरी पुष्कळ असतात.

महांतेश मगदूम मात्र उत्तर घ्यायलाच आला होता, आणि तेही चांगलं भारीतलं. पोरगा हुशार, त्यात वादच नाही. रसायनशास्त्रात कॉलेजात पहिला. गावानं वेशीवर फलक लावला होता. फलकावरच्या फोटोतला कोट मामाचा होता, पण तोरा स्वतःचा होता.

त्या फलकाचा रंग उन्हानं उडाला तरी महांतेश घरीच होता. साखर कारखान्याच्या प्रयोगशाळेतून बोलावणं आलं, तेव्हा याहून बरं काहीतरी येईल म्हणून थांबला. थांबता थांबता मुदत टळली. आता शेजारच्या शहरात, पाणीपुरवठ्याच्या प्रयोगशाळेत जागा होती. गावाच्या नळाला येणारं पाणी तपासायचं. येतो की नाही ते आज संध्याकाळपर्यंत फोन करून कळवायचं होतं, नाहीतर ती जागाही दुसऱ्याची.

म्हणून आई त्याला हाताला धरून वर घेऊन आली होती. ती आता स्वयंपाकघरात लिंबं चिरत होती. हात लिंबावर होते, कान मात्र ओसरीवर.

“पाण्याचं काम वंगाळ हाय का?” अव्वांनी विचारलं.

“वाईट नाही. पण बाटलीत पाणी घ्यायचं, थेंब टाकायचे, रंग बघायचा. त्यासाठी मी पहिला आलो का?”

“मग कशासाठी आलास?”

महांतेशनं सुपातला एक दाणा उचलला, परत टाकला.

“तेच तर कळत नाही,” तो म्हणाला. आवाजातला सगळा ताठा एकदम उतरला. “माझ्या वर्गातल्या सगळ्यांना आपापलं काम सापडलंय, अव्वा. एकजण फोटो काढत फिरतो, एकीनं नाचाचे क्लास काढलेत. सगळे म्हणतात, मनाचं ऐक. मी ऐकतो हो. रात्र रात्र पडून ऐकतो. आत काहीच नाही. सामसूम. कशाची ओढच नाही मला. भीती वाटते, की माझ्यातच काहीतरी कमी आहे.”

आत लिंबावरची सुरी थांबली.

अव्वांनी त्याच्याकडं बघितलं. मग सूप बाजूला सारलं.

“जेवलास का?”

“भूक नाही मला.”

“सकाळपासनं?”

“महिने झाले, अव्वा. ताटावर बसतो आणि उठतो.”

“हं…”

तेवढ्यात घंटा झाली. सोमवार होता, आणि सोमवारी मठात दासोह असतो. म्हणजे टेकाड चढून येईल त्याला पोटभर जेवण. बाहेरच्या मांडवात पंगत बसू लागली होती.

“जा, वाढायला लाग,” अव्वा म्हणाल्या.

“पण माझा प्रश्न…”

“हितली रीत हाय. प्रश्न घेऊन आलेल्यानं आदी वाढायचं.”

महांतेश कपाळाला आठी घालून स्वयंपाकघरात गेला. खरं सांगायचं तर त्याला राग आला होता. आपण काळीज काढून पुढ्यात ठेवावं आणि समोरच्यानं वाढायला पाठवावं!

आत भिंतीला लागून भांडी मांडली होती. भाताचं घमेलं, आमटीची बादली, भाजी, चटणी, गव्हाच्या खिरीचं, म्हणजे हुग्गीचं, मोठं पातेलं, ताकाची कळशी. पातेल्यापाशी रुद्राप्पा आचारी कमरेवर हात ठेवून उभे होते.

“घे उचल,” रुद्राप्पा म्हणाले.

“कुठलं घेऊ?”

“ते मी कसं सांगू? हितं कुनी कुनाला नेमून देत न्हाई. ज्यानं त्यानं आपलं उचलायचं.”

झालं! सांगायला नको होतं तेच रुद्राप्पांनी सांगितलं.

महांतेश भांड्यांपुढं उभा राहून विचार करू लागला. हुग्गी वाढणाऱ्याकडं सगळे हसून बघतात, पण पातेलं जड. आमटी सांडली तर लोकांसमोर शोभा. ताक अगदी शेवटी, तोवर नुसतं उभं राहायचं. भाजी बरी, पण भाजीत काय विशेष? तो इकडून तिकडं बघत राहिला. तोवर बाकीचे वाढपी येऊन हाताला येईल ते उचलून दाराशी गेले. बघता बघता भिंतीपाशी एकच भांडं उरलं.

मिठाची वाटी.

महांतेशनं तिच्याकडं बघितलं आणि नजर वळवली. रसायनशास्त्रात पहिला आलेला माणूस, आणि वाढणार काय, तर मीठ! ते घ्यायला येईल कोणीतरी, असं त्याला वाटलं. आपण पुढच्या फेरीला काहीतरी नीट निवडू.

दाराशी वाढपी उभेच होते. कोणी बाहेर पडेना.

“काय झालं?” महांतेशनं विचारलं.

घमेलंवाल्यानं घमेलं या हातावरून त्या हातावर घेतलं. त्याचे तळवे लाल झाले होते. आमटीवाला बादलीकडं बघत होता. आई लिंबाच्या फोडींचं ताट घेऊन उभी होती, आणि ती लेकाकडं बघतच नव्हती.

बाहेर मांडव भरला होता. पत्रावळ्या मांडून झाल्या होत्या, पाणी शिंपडून झालं होतं. माणसं हात मांडीवर ठेवून बसली होती. पंक्तीच्या तोंडाशी बसलेल्या दुंडाप्पा आजोबांनी दाराकडं मान वळवली.

“रुद्राप्पा, आज उपास हाय का रं?”

मांडवात हशा पिकला.

पंक्तीच्या पार दुसऱ्या टोकाला रिकाम्या पत्रावळीपुढं अव्वा बसल्या होत्या. त्या हसल्या नाहीत. दाराकडं बघत शांत बसून राहिल्या…

आणि मग महांतेशच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. मीठ आधी! आजीच्या मांडीवर बसून जेवायचा तेव्हापासून त्याला ठाऊक होतं. पानावर मीठ पडल्याशिवाय पुढचं काही पडत नाही. एवढी सगळी माणसं त्याच्या निवडीसाठी उपाशी बसली होती.

त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्यानं वाटी उचलली, आणि तरी पाय अडलाच.

“रुद्राप्पा, एकदा घेतलं की हेच वाढायचं का शेवटपर्यंत?”

रुद्राप्पांनी डोळे विस्फारले.

“शेवटपर्यंत? अरे लेका, मीठ कोन शेवटपर्यंत वाढतंय का? पळ!”

महांतेश पळाला. दुंडाप्पांच्या पानावर चिमूट, पुढच्या पानावर चिमूट, त्याच्या पुढच्या पानावर चिमूट. मागोमाग आईची लिंबं, चटणी, भाजी निघाली. सगळी वरात एकदम हलली तसं त्याला बरं वाटलं. भराभरा करत तो रांगेच्या मध्यापर्यंत आला आणि सहज मागं वळून बघितलं.

मीठ असतं पानाच्या वरच्या अंगाला, जेवणाऱ्यापासून लांब. यानं सगळ्यांच्या अगदी पोटाशी टाकलं होतं. जिथं भात यायचा, तिथं मीठ.

तो जागच्या जागी गोठला. चुकलं! अर्ध्या रांगेचं चुकलं. आता हे उचलायचं कसं, कुणाला काय सांगायचं, काही सुचेना. कान तापून लाल झाले.

दुंडाप्पा आजोबांनी पानाकडं बघितलं, महांतेशकडं बघितलं. मग पत्रावळीच्या काठाला एक बोट लावलं आणि ती फिरवली. मीठ वर गेलं.

“गोल हाय की,” आजोबा म्हणाले, आणि भातासाठी हात आखडून बसले.

शेजारच्यानंही पान फिरवलं. त्याच्या शेजारच्या बाईनंही. तेवढ्या रांगेतून पानं सरकल्याचा खसखस आवाज गेला, आणि कुणी त्याबद्दल अवाक्षर काढलं नाही. महांतेशला रडू येईल की काय असं वाटलं, आणि त्याच वेळी हसूही येत होतं.

वाटी रिकामी झाली. ती ठेवायला तो आत आला आणि दिसेल ती बादली उचलून बाहेर गेला. आमटी होती. थोडी सांडली. मग भात घेतला. मग हुग्गी.

“हुग्गी घ्या, हुग्गी!”

एक म्हातारी पानावर दोन्ही हात आडवे धरून “पुरं रं माझ्या राजा, पुरं” म्हणत होती, आणि हा तिच्या बोटांच्या फटीतून वाढत होता. अंगातला सदरा भिजला होता. शेवटी ताकाची कळशीही त्यानंच घेतली, कारण ती जवळ होती.

पंगत उठली. आता वाढपी बसायचे, आणि त्यांना अव्वा स्वतः वाढायच्या.

बसण्याआधी महांतेश खिशातून फोन काढून मांडवाबाहेर गेला. कठड्यापाशी रेंज यायची. आई पत्रावळ्या मांडता मांडता थांबली. तो दोन-चार वाक्यं बोलला, “हो, येतो,” म्हणाला आणि परत आला. आईनं पदरानं तोंड पुसलं, डोळे पुसले, पुन्हा पत्रावळ्या मांडू लागली.

महांतेश पानावर बसला. अव्वा मिठाची वाटी घेऊन रांगेतून येत होत्या. त्याच्यासमोर वाकल्या, तेव्हा जुनी भीती पुन्हा एकदा वर आली. इतक्या दिवसांची सोबत, ती काय लगेच जाते!

“अव्वा, येतो म्हणून सांगितलं त्यांना. पण… चुकलं तर?”

अव्वांनी चिमूटभर मीठ घेतलं, आणि ते मुद्दाम त्याच्या पोटाशी, खालच्या अंगाला टाकलं. वाटी हातात धरून तशाच वाकून उभ्या राहिल्या.

महांतेश मिठाकडं बघत राहिला. मग खुदकन हसला. पत्रावळीच्या काठाला बोट लावून त्यानं ती फिरवली.

अव्वा पुढच्या पानाकडं गेल्या.

भात आला, आमटी आली. महांतेशनं मान खाली घातली ती वर केलीच नाही. पहिला भात कधी संपला कळलं नाही. दुसऱ्यांदा घेतला, तोही संपला. हुग्गी पातेल्याच्या तळाची उरली होती, ती त्यानं मागून घेतली. आई बघत होती, पण नजर लागू नये म्हणून बघत नसल्यासारखं करत होती.

“अव्वा, अजून थोडा भात आहे का हो?”

अव्वा घमेलं घेऊन आल्या. वाढता वाढता त्याच्या पुसून लख्ख झालेल्या पानाकडं त्यांनी बघितलं.

“मगाशी न्हवती म्हनलास,” अव्वा म्हणाल्या. “मग ही भूक कवा लागली रं?”