नऊ काठ्या

"मग घाबरायचं कारण नाही ना, बाबा?"

याकूबमास्तरनं लाडलेशा फकिराला विचारलं. कबरस्तानातल्या चिंचेखाली बसून तो कुदळीला चिकटलेली माती खरवडत होता.

गावात कुणी गेलं, की घरचे एका काठीवर मयताची लांबी घ्यायचे आणि ती काठी त्याला आणून द्यायचे. त्या मापानं तो कबर खणायचा. काठी मग झोपडीच्या वळचणीला खोचलेली राहायची. या उन्हाळ्यात गोवराची साथ आली आणि नऊ काठ्या जमल्या.

त्याच काठ्या याकूबमास्तरनं आता वितीनं मोजून काढल्या होत्या. तो शाळेत गणित शिकवायचा. गावात कुणी दोनदा शिंकलं तरी तक्ता मांडणारा माणूस! पण आज त्याचा जीव थाऱ्यावर नव्हता. वर्षाची लेक शमीम कालपासून तापानं फणफणली होती. सकाळी अंगावर पुरळही उठलं होतं.

"बेरीज पंचेचाळीस विती. भागिले नऊ. सरासरी पाच." त्याचा आवाज चढला. "म्हणजे मरण पाचाच्या आसपास फिरतंय, बाबा. आमची शमीम तर तीनच विती!"

"पाचाची काठी दाखव."

याकूबनं काठ्या चाळल्या. पुन्हा चाळल्या.

"...पाचाची एकही नाही."

"मग पाच आले कुठून?"

"आठाची एक आहे, साताच्या तीन. म्हातारी माणसं ती, वय होऊन गेलेली. त्यांनी सरासरी वर ओढली."

"लहानमोठ्या ओळीनं लाव. मधली कुणाची?"

याकूबनं रांग लावली. "चाराची. मुलाण्यांची झुबेदा." मग सवयीनं पुटपुटला, "याला मध्यक म्हणतात."

"आणि सगळ्यात जास्त काठ्या कोणत्या मापाच्या?"

त्याला बहुलक म्हणतात, हे त्याला पाठ होतं. वर्गात तो ते हसतखेळत शिकवायचा. आता तो मुकाट काठ्या वेगळ्या काढू लागला.

चार काठ्या होत्या. चारही तीन विती.

"मोजण्यात चूक झाली असेल..." त्यानं पुन्हा वीत ताणली. काठी पुन्हा तीनच विती भरली.

"बाबा, जन्मभर आकड्यांवर भरवसा ठेवला... आता कशावर ठेवू?"

आणि तो ढसाढसा रडू लागला.

लाडलेशानं कुदळ खाली ठेवली. याकूबचा ताणलेला पंजा हातात घेतला आणि एकेक बोट हळूहळू मिटवलं.

"घरी जा, याकूब. ती डोळे उघडतेय तोवर कडेवर घे."