आधी कोणाचं सांगायचं

हॉकीचा एक नामवंत खेळाडू एकदा रेडिओवर सामन्याचं धावतं वर्णन करायला बसला. गुडघ्यांनी साथ सोडल्यापासून मैदान सुटलं होतं आणि मैदानावाचून त्याला करमत नव्हतं. माइकच्या निमित्ताने का होईना, हॉकी पुन्हा जवळ आली होती. शिकवायला शेजारी एक वृद्ध समालोचक होते. आज आपण त्यांच्या पसंतीला उतरलो नाही तर हाही दरवाजा बंद, हे तो पुरतं जाणून होता.

शेवटच्या मिनिटाला यजमान संघाला पेनल्टी स्ट्रोक मिळाला. बरोबरी साधायची ती एकमेव संधी! जेरोम नावाचा विशीतला पोरगा पुढे आला. त्याने मारलेला चेंडू गोलरक्षकाने अडवला आणि आपला खेळाडू माइकवर उसळला, "काय हे! मारण्याआधीच याने कोपऱ्याकडे पाहिलं. शाळकरी पोरंसुद्धा अशी चूक..."

वृद्धाने त्याच्या माइकवर तळहात ठेवला आणि आपल्या माइकमध्ये शांतपणे सांगितलं, "गोलरक्षकाने उजवीकडे झेप घेतली आणि चेंडू थोपवला. श्रोतेहो, काय सुंदर बचाव होता!"

खेळाडूच्या अंगाचा तिळपापड झाला. मोठ्या खेळाडूचा अभिमानही मोठाच असतो. प्रक्षेपण संपताच तो म्हणाला, "गुरुजी, मी खोटं काय बोललो? दहा वर्षं देशाकडून खेळलोय. दिसलं ते सांगितलं."

"खोटं काहीच नाही," वृद्ध म्हणाले. "मी सांगितलं तेही खरंच. त्या क्षणी समोर दोघे होते. एकाचं चुकलं, दुसऱ्याचं साधलं. कोणाचं आधी सांगायचं, एवढंच आपल्या हातात असतं. तुला दिसलेली चूक मोलाची आहे, पण ती जेरोमच्या उपयोगाची. घरी त्याची आई रेडिओला कान लावून बसली असेल. तिने ती चूक घेऊन काय करायचं, बाळ?"

खेळाडूला एक जुना दिवस आठवला. पंधरा वर्षांपूर्वी एका अंतिम सामन्यात त्याचाही स्ट्रोक हुकला होता. मान खाली घालून तो घरी गेला, तेव्हा ताट वाढता वाढता आई म्हणाली होती, "अरे, तो गोलकीपर काय जबरदस्त होता म्हणे!" बिचारी आपली समजूत घालतेय, असंच त्याला इतकी वर्षं वाटत आलं होतं.

"गुरुजी, माझा स्ट्रोक हुकला त्या अंतिम सामन्याला माइकवर कोण होतं?"

वृद्ध वायर गुंडाळत होते. "सामने पुष्कळ झाले बाबा, आता कुठलं आठवतंय! जा, तो पोरगा अजून खालीच बसलाय. आणि उद्याचा सामना चारला आहे, वेळेवर ये."

खेळाडूचे डोळे भरून आले. जिना उतरून तो मैदानात गेला. जेरोम गुडघ्यांत डोकं खुपसून बसला होता. खेळाडू त्याच्या शेजारी बसला.

मग म्हणाला, "माझाही हुकला होता रे. उद्या सकाळी स्टिक घेऊन ये. कुठे पाहायचं, ते दाखवतो."