उंबरा कोणाच्या वाट्याचा

"मग यात माझं चुकलं कुठं, महाराज?"

फौजदार सरनोबतांनी पुन्हा विचारलं. भैरवगीर महाराज मठात धुनीतली राख सारखी करत बसले होते. त्यांनी मान वर केली नाही.

सरनोबतांना याची सवय नव्हती. ठाण्यात त्यांनी नुसतं पाहिलं तरी समोरच्याला घाम फुटायचा.

"भांडण मिटवलं मी. दोघे भाऊ कुऱ्हाडी घेऊन उभे. घराचा दावा कोर्टात, तारखेवर तारीख. मी समोर उभं राहून मधोमध भिंत घालून घेतली. पुढचं दार थोरल्या दौलतला, परसदार धाकट्या शिदूला."

"कुऱ्हाडी काढून घेतल्यास?"

"घेतल्या ना."

"मग तिथंच का नाही थांबलास?"

घर कोणाचं हे ठरवणं कोर्टाचं काम, एवढं सरनोबतांना पक्कं ठाऊक होतं. पण त्या दिवशी सारा गाव बघत होता, आणि चारचौघांतली वाहवा कोणाला नको असते!

"भिंत घातल्यापासून त्या घरातून एक शिवी ऐकू आली नाही," ते म्हणाले.

"मग आज का आलास?"

"...म्हातारी गेली. दोघांची आई, हौसाबाई."

सकाळीच गेली होती, शिदूच्या बाजूला. तिरडी बांधून झाली आणि सगळं अडलं. सून ज्या उंबऱ्यावरचं माप लवंडून घरात आली, त्याच उंबऱ्यावरून तिला शेवटचं न्यायचं, अशी तिथली रीत. तो उंबरा दौलतच्या वाट्यात. तिथवर जायचं तर भिंतीला वाट पाडायला हवी. दौलत म्हणतो, एकदा वाट दिली की शिदूची वहिवाट लागेल. शिदू म्हणतो, आईला परसदारानं नेलं तर पुढच्या दारावरचा हक्क मी सोडला असं होईल. दोघेही ढसाढसा रडत होते, त्यात खोटं काही नव्हतं. फक्त रडण्याआधी दोघांनी आपापल्या वकिलाला विचारून घेतलं होतं.

"माझ्याकडे आले. साहेब, भिंत तुम्हीच घातलीत, आता तुम्हीच सांगा म्हणाले."

"काय सांगितलंस?"

"हा दिवाणी मामला आहे. पोलिसांना यात हात घालता येत नाही."

"बरोबर सांगितलंस."

सरनोबतांना हे फार लागलं. महाराज रागावले असते तर त्यांना बरं वाटलं असतं.

"भिंत घालताना म्हातारी काही बोलली होती?"

"...हो. साहेब, मी कुठल्या बाजूला, असं विचारलं होतं तिनं."

"मग?"

"मी हसलो. म्हटलं, झोप लागेल तिथं. सगळेच हसले, महाराज."

महाराजांनी धुनीत एक लाकूड सारलं. बाहेर ऊन उतरायला लागलं होतं, आणि अंधार पडायच्या आत अग्नी द्यायला हवा होता.

"तुम्ही चला," सरनोबत म्हणाले. "तुमचा शब्द ते मोडणार नाहीत."

"घराचा न्याय तू केलास. आता मढ्याचा मी करू?"

"मग मी काय करू? भिंत पाडली तर गुन्हा माझ्यावर. नाही पाडली तर म्हातारी तिथंच..."

महाराज उठले. त्यांनी सरनोबतांच्या डोक्यावरची टोपी काढली आणि कोनाड्यात ठेवली. मग कमरेच्या पट्ट्याकडे बोट केलं. सरनोबतांनी पट्टाही सोडून दिला. एवढ्यानंच ते एकदम म्हातारे दिसू लागले.

"फौजदार मठात बसलाय म्हणून सांग," महाराज म्हणाले. "तू नुसता खांदा द्यायला जा."

सरनोबत पायरीपर्यंत गेले. तिथं त्यांचा पाय अडखळला आणि ते मागे वळले.

"पण महाराज... नेऊ कुठल्या दारानं?"

"अजून तूच ठरवणार?"