राजाला पाणी घालू नका

एका राज्यात एक राजा होता, आणि तो कोरफड होता. जन्मापासून नव्हे. अघोरदंत जादूगार बोलत असताना त्याने भर दरबारात जांभई दिली, म्हणून. "फुलशील त्या दिवशी माणूस होशील," जादूगार म्हणाला, "पण तुझी ही प्रेमळ माणसं तुला फुलू द्यायची नाहीत." मग तो घुबड होऊन उडून गेला.

लोकांनी राजाचा मान राखला. त्याला सोन्याच्या कुंडीत लावलं. कुंडीला खाली भोक नव्हतं. राजाच्या आसनाला भोक पाडायची छाती कुणाची? कुंडी सिंहासनावर, वर मखमली छत. रोज पहाटे राजमाळी सुभानजी सात घागरींचा अभिषेक करी.

महिन्याभरात राजा पिवळा पडला, बुडाशी मऊ झाला.

"सुभानजी, महाराजांना काय होतंय?" राणी मृगावतीने विचारलं.

सुभानजीला कळत नव्हतं. पण राजमाळ्याने तसं म्हणायचं कसं? समोर म्हातारी ठकूबाई झाडू मारत होती. तो बोलून गेला, "हिची नजर लागली, राणीसाहेब."

ठकूबाईला वेशीबाहेर काढलं. जाताना ती एवढंच म्हणाली, "बरं."

ते 'बरं' सुभानजीच्या कानात शिरलं ते निघेना. त्याने घागरी चौदा केल्या.

राजाचं एक पान गळून पडलं, तेव्हा खिडकीतली साळुंकी बोलली. "नजर कसली? तूच बुडवतोयस त्याला. तीन गुणांची जागा शोध. पाणी ओतलं तर दहा श्वासांत जिरावं. सकाळचं ऊन यावं, दुपारचं येऊ नये. आणि तिथे त्याच्यावर कुणाची माया नसावी."

"नाही सापडली तर?"

"अमावास्येपर्यंत राजाचा चिखल."

राणीची परवानगी घेऊन सुभानजी कुंडी उचलून निघाला. कमळबागेत पाणी जिरेचना. गच्चीवर जिरलं, पण दुपारच्या उन्हानेच तिथे पापड भाजले जात होते. बुरुजामागे दोन्ही जमलं, तर पहारेकरी रडत रडत तांब्या घेऊन आला, "महाराज, घोटभर तरी घ्या!"

शेवटी तो वेशीबाहेर गेला. ठकूबाईच्या खोपटाशेजारी फुटक्या कौलांचा ढीग होता, तोंड पूर्वेला, पाठीशी वेशीची भिंत. ढिगावर कोरफडी माजल्या होत्या. प्रत्येकीला तुरा.

"ठकूबाई..." त्याने तोंड पाडून कुंडी पुढे धरली.

"कोण मेलं?"

"अजून कुणी नाही."

"मग असं तोंड का? आण इकडे. माझी नजर चालत असेल तर."

सुभानजीचे कान तापले. ठकूबाईने राजाला उपटलं, विळ्याने सडकी मुळं छाटली आणि दारावर उलटं टांगलं.

"महाराज... उलटे?"

"सुलटे ठेवून काय झालं ते बघितलंस ना? आठ दिवस वाळू दे."

मधेच शेजारच्या राज्याचा राजदूत आला. मुजरा कोणत्या बाजूने करावा हे त्याला कळेना, म्हणून त्याने डोक्यावर उभं राहून केला.

नवव्या दिवशी राजा कौलांच्या चुऱ्यात गेला.

"पण तिसरा गुण?" सुभानजीने हळूच विचारलं. "इथे माया..."

"ज्याच्या वेशीतून मला हाकललं, त्याच्यावर माया कुठली रे?"

तिला घालवून हा तिसरा गुण सुभानजीनेच तयार केला होता.

हिवाळा सरता सरता राजाला तुरा आला. राणीसह सगळा दरबार ढिगापाशी जमला. सूर्य वर आला, पहिलं फूल उमललं, आणि राजा उभा राहिला, गुडघ्यापर्यंत कौलांत.

"महाराज, पाणी आणू?" सुभानजी म्हणाला.

राजा दोन पावलं मागे सरला. मग म्हणाला, "सुभानजी, कोरफडीला ऐकू येतं. मी सगळं ऐकलंय."

सुभानजीने पागोटं काढून हातात घेतलं. "कुणाची नजर नव्हती, महाराज. हात माझा होता. मला कळत नाही, हे म्हणायची लाज वाटली, म्हणून हिचं नाव घेतलं."

"बरं," ठकूबाई म्हणाली.

राणीने स्वतः तिला हात धरून वेशीच्या आत नेलं. राजमाळीण आता तीच. सुभानजीला एकच काम: रोज पहाटे भरली घागर घेऊन ढिगावरच्या कोरफडींपुढे उभं राहायचं. ठकूबाई येते, मातीत बोट खुपसते आणि म्हणते, "नको." तो मान खाली घालून घागर तशीच परत नेतो. राज्य हिरवंगार आहे.