कोऱ्या कागदावरचा जटायू

आंबेरखोल हे कोकणातले नदीकाठचे लहानसे गाव. तिथल्या रामाच्या देवळात सोमगिरी महाराजांचा मुक्काम होता. यज्ञेश्वरबुवा रोज त्यांच्यापुढे कीर्तन करीत. बुवांचा गळा गोड, पाठांतर दांडगे. पण महाराज नुसती मान डोलवीत.

एके दिवशी बाबलो ठाकर नावाचा चित्रकथी आला. वाडवडिलांनी रंगवलेली रामायणाची चित्रे एकेक पुढे धरून त्याने गात गात कथा सांगितली. महाराजांच्या डोळ्यांना धारा लागल्या. "बाबल्या, उत्सवात तुझीच कथा होऊ दे," महाराज म्हणाले.

बुवांच्या काळजाला जणू इंगळी डसली. "दारोदार फिरणाऱ्याचे फराटे ते! त्यांना कथा म्हणायचं?" असे चारचौघांत ते हसले खरे, पण घरी घास गिळवेना. माझ्या कीर्तनाला महाराजांच्या डोळ्यांत कधी टिपूस आले नाही!

उत्सवाच्या सकाळी बाबलो नदीत आंघोळीला उतरला, तेव्हा काठावरचे कापडात बांधलेले चित्रांचे बासन बुवांनी हळूच पाण्यात लोटले. बाबलोने धडपडून ते बाहेर काढले. कागद हाती आले, रंग वाहून गेले होते.

"म्हाराज, आज्या-पणज्याची चित्रां गेली! आता मियां काय दाखवन कथा सांगू?" तो पायांशी कोसळला.

महाराजांनी त्याच्या पाठीवरून हात फिरवला. "ज्याची कथा, त्याला काळजी. कागद धर आणि गा."

तिसऱ्या प्रहरी मंडप भरला. बाबलोने कोरा कागद उचलला आणि सूर लावला. आता होते फजिती, बुवा मनात म्हणाले. पण काय नवल! "पंख तुटले गं बाई!" एक म्हातारी कळवळून ओरडली. मंडपात हुंदके उठले.

बुवांनी डोळे चोळले. कागद कोराच!

"तुला काय दिसतंय?" त्यांनी शेजारच्याला विचारले.

"रक्तानं न्हालेला जटायू! तुमका दिसणा नाय, बुवा?"

गावाला दिसते ते एकट्या आपल्याला नाही! ते उठून महाराजांकडे धावले. "बासन मी लोटलं, महाराज! जळत होतो मी. क्षमा करा!"

"बुवा, कीर्तन रामाचं करता आणि डोळे माझे न्याहाळता! घाव बाबल्याला घातलात, क्षमा त्याची मागा."

बुवांनी पागोटे उतरवले आणि भरमंडपात बाबलोच्या पायांवर डोके ठेवले. "उठा बुवानु, कथा आयका," बाबलो गहिवरून म्हणाला.

बुवांनी मान वर केली. कागदावर तांबडाभडक पंख पसरला होता. त्यांना हुंदका आवरेना. तिथेच त्या चित्रापुढे त्यांनी साष्टांग दंडवत घातला.