नोंद झाली की काम झालं

एका गावात एक भोळा दूध मोजणारा होता. नाव रावजी. डेअरी त्याच्या द्वारकामावशीची. महिनाभर इथे टिकलास तर कस्तुराशी तुझं लग्न लावून देते, असं मावशीने कबूल केलं होतं. कस्तुरा म्हणजे डेअरीचं दूध नेणाऱ्या टेम्पोवाल्याची मुलगी. ती रावजीला फार आवडायची. म्हणून तो सांगितलेला शब्द न् शब्द पाळायचा. घोटाळा तिथेच होता.

पहिल्याच दिवशी वजनकाट्याची वायर उंदराने खाल्ली. तालुक्याच्या मेकॅनिकने संगणकात एक खोटं पोर्ट, म्हणजे वायर जोडायची नुसती नावापुरती जागा, बसवलं, आणि काट्यावरचं वजन वायरशिवाय हवेतून संगणकात जायला लागलं. वायर नसली तरी संगणकाला ती आहे असंच वाटतं, तूही तसंच समज, असं तो सांगून गेला. रावजीने मान डोलावली.

संध्याकाळी त्याने मावशीची म्हैस दाव्याशिवाय बांधली. म्हणजे खुंट्याजवळ उभी केली आणि बांधली आहे असं समजला. म्हैस काही तसं समजली नाही. तिने सरपंचांची कोथिंबीर खाल्ली.

मावशी कडाडली, "मुडद्या, आपल्या मोलाची वस्तू दाव्याने करकचून बांधावी." रावजीने मान डोलावली.

दुसऱ्या दिवशी त्याने डेअरीचा संगणक दाव्याने खुंट्याला बांधला. दावं पडलं आखूड. संगणक धाडकन खाली आला आणि बंद पडला. सगळ्या गावाच्या दुधाची नोंद त्यात होती. मावशीच्या तोंडचं पाणी पळालं.

मेकॅनिकने तो चालू केला, तर सगळं जागच्या जागी. डेटाबेस, म्हणजे संगणकातला हिशेबनीस, आधी आपल्या वहीत नोंद करतो, मांडामांड नंतर, असं त्याने समजावलं. "एकदा नोंद झाली की काम झालंच समजायचं. बाकीचं सवडीने." रावजीने दोनदा मान डोलावली.

महिना कसाबसा भरला. मांडव पडला. अंतरपाट धरला. तिसरं मंगलाष्टक चालू असताना रावजीने मावशीकडून आहेराची वही मागून घेतली. त्यात लिहिलं, 'रावजीचं लग्न लागलं. अकरा बेचाळीस.' मग पेन खिशाला लावून तो म्हशीला पाणी दाखवायला घरी गेला. वऱ्हाडाच्या मुठीत अक्षता तशाच राहिल्या.

कस्तुराने वही वाचली. पेन मागितलं. खाली लिहिलं, 'नवरी सासरी आली.' आणि बापाच्या टेम्पोत बसून माहेरी गेली.

संध्याकाळी रावजीने ती नोंद वाचली आणि त्याचा जीव भांड्यात पडला. तेव्हापासून तो रोज दोन ताटं वाढतो.

"कुठाय रे बायको?" मावशी विचारते.

"हाय की, मावशी. लई गुणाची हाय. जेवती कमी, आन् भांडत तर न्हाईच."